भाऊसाहेब जिंकले तो उन्हाळा

चैत्र लागला की बाकीच्या मुलखात कडुनिंबाला फुलोरा येतो. लातुरात तो फ्लेक्सना येतो. एसटीतून उतरावं, रिक्षात बसावं, मान वर करावी, की चौकाचौकात पोरापोरींचे चेहरे टांगलेले दिसतात. परीक्षा अजून व्हायची असते, पण गळ्यात स्टेथोस्कोप आलेला असतो आणि खाली लिहिलेलं असतं, 'आमचे भावी डॉक्टर'. त्याच्याखाली क्लासच्या मालकाचा फोटो, पोरांच्या फोटोच्या चौपट मोठा. अभ्यास बहुधा त्यांनीच केला असावा.

परवा भावाकडं गेले तेव्हा या पिकात एक नवीन वाण निघालेलं दिसलं. 'ग्रँडमास्टर घडवणारे भव्य उन्हाळी बुद्धिबळ शिबिर.' वर भाऊसाहेब, पांढऱ्याशुभ्र कपड्यांत, हातात काळा घोडा. विचारात पडल्यासारखं तोंड करा, असं फोटोवाल्यानं सांगितलं असणार. भाऊसाहेबांना त्याची सवय नाही, त्यामुळं दाढ दुखत असल्यासारखं तोंड झालं आहे. आणि खाली ठळक अक्षरांत: 'ग्रँडमास्टरला मात देणारे आपले लाडके मार्गदर्शक.' मी हसले, ते एवढ्या जोरात की रिक्षावाल्यानं ब्रेक मारला.

"काय झालं, मावशी?"

"काही नाही बाबा. फ्लेक्सवरचे ओळखीचे निघाले."

"भाऊसाहेब व्हय? लई डोकेबाज माणूस हाय. ग्रँडमास्टरला हरवलंय त्यांनी."

"हो का? कुठल्या ग्रँडमास्टरला?"

"ते न्हाई ठाऊक. पर हरवलंय."

असं हे गाव. कुणी हरवलं ते पाठ, कुणाला हरवलं ते विचारायची गरज नाही. ती ग्रँडमास्टर म्हणजे माझी भाची मुक्ता. ज्या दिवशी ती भाऊसाहेबांशी 'हरली' त्या दिवशी मी तिसऱ्या रांगेत बसले होते आणि तिचा बाप, म्हणजे माझा धाकटा भाऊ सुधाकर, माझ्यापुढं दुसऱ्या रांगेत. त्याला आता काही वर्षं लोटली, पण उन्हाळा लागला, कूलरच्या वाळ्याचा पहिला ओला वास आला, की तो डाव माझ्या डोक्यात पुन्हा मांडला जातो. मी नांदेडच्या एका शाळेत चित्रकला शिकवून निवृत्त झालेली बाई. लग्न केलं नाही, म्हणून सगळ्यांच्या घरातलं बोलायला मोकळी आहे, असं माझी भावजय म्हणते. खरं आहे ते.

सुधाकर भाऊसाहेबांच्या कॉलेजात गणित शिकवतो. कागदावर ती शिक्षणसंस्था आहे, तिला घटना आहे, कार्यकारिणी आहे, आणि कार्यकारिणीत भाऊसाहेब, त्यांचे दोन भाऊ, एक मेहुणा आणि ड्रायव्हर आहे. ड्रायव्हर त्यातल्या त्यात शिकलेला. मुक्ता जन्मली त्या वर्षी सुधाकर तिथं लागला, आणि तिचं दहावीचं वर्ष उलटलं तरी त्याच्या जागेला सरकारी मान्यता आलेली नव्हती. ती भाऊसाहेबांच्या शिफारशीवर अडलेली होती. दरवर्षी भाऊसाहेब म्हणायचे, "सर, यंदा बघू." आणि दरवर्षी माझा भाऊ त्यांच्या वाढदिवसाला हार घेऊन रांगेत उभा राहायचा.

पण संध्याकाळी हाच माणूस गच्चीवर वेगळा असायचा. गच्चीवर पाणी शिंपडायची चैन लातुरात कुणाला परवडते? टँकर आला तर प्यायला मिळतं. तापलेल्या स्लॅबवर सतरंजी टाकायची, बुडाखाली चटका सोसायचा आणि पट मांडायचा. आजूबाजूला डाळ मिलची धूळ, हवेत तुरीच्या टरफलाचा कोरडा गोडसर वास, खालच्या अभ्यासिकेतून बाहेरगावची पोरं पाठांतर करत असलेली. मुक्ता तेव्हा एवढीशी, फ्रॉकचा घोळ मांडीखाली दाबून बसलेली. सुधाकर कडक. हात लावला त्या मोहऱ्यानं चाल करावीच लागायची, रडून उपयोग नसायचा. मी सुट्टीत गेले की बाजूला बसून कैरी कापायची आणि दोघांकडं बघायची.

चांगल्या चालीला तो 'शाब्बास' म्हणायचा नाही. लेकराला नजर लागते म्हणे. गणिताचा मास्तर आणि नजरेला भितो. त्याच्या बोटात चांदीची अंगठी असे. पोरीनं खरोखर भारी चाल केली की तो त्या अंगठीनं पटाच्या कडेवर एकदा वाजवायचा. टक्. एवढंच. त्या एका टक्‌साठी ती पोर तास तास मान खाली घालून बसायची. पुढं तिनं किती ढाली, किती पदकं आणली, ती सगळी कपाटावर धूळ खात पडली. टक् मात्र तिच्या कायम लक्षात राहायचं, डाव आवरला की मला फोन करायची, "आत्या, आज दोनदा वाजलं!"

मुक्ताला ग्रँडमास्टर व्हायचं होतं आणि ते होताना बाप आपल्या बाजूला हवा होता. एवढंच तिचं मागणं होतं. त्यातलं पहिलं तिनं स्वतः मिळवलं.

ग्रँडमास्टर म्हणजे काय, हे मी आमच्या मुलखाला समजावून समजावून थकले. मोठ्या स्पर्धेत, परदेशी-देशी ग्रँडमास्टरांमध्ये बसून, त्यांच्या तोडीचा खेळ करून दाखवला की एक नॉर्म मिळतो. असे तीन नॉर्म लागतात. शिवाय रेटिंग एकदा तरी अडीच हजारांना टेकावं लागतं. मग तो किताब मिळतो, आणि तो मरेपर्यंत कुणी काढून घेत नाही. एवढं साधं आहे. पण एवढं ऐकून घेतल्यावर आमच्याकडचे पालक विचारतात, "याचे नीटला किती मार्क वाढतेत?" वाढत नाहीत म्हटलं की त्यांच्या चेहऱ्यावर जी कीव येते, ती मी कुठल्या तेराव्याला गेले तरी बघितलेली नाही.

वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांत ग्रँडमास्टरांची चरित्रं येतात, तीही मला आता तोंडपाठ आहेत. सगळी एकाच साच्यातली. पाचव्या वर्षी घरात पट दिसला, सातव्या वर्षी काकांना हरवलं, बापानं नोकरी सोडली, आईनं परदेशात हॉटेलच्या खोलीत भात शिजवला, आणि पोरगं जग जिंकून आलं. शेवटी पोराचा फोटो आणि एक वाक्य, की त्याला आइस्क्रीम आवडतं. लिहिणाऱ्याला पटावरचं ओ की ठो कळत नसल्यामुळं सगळा मजकूर आइस्क्रीमवर असतो. तो कुठल्या डावात, कुठल्या चालीला एकटा पडला होता, हे कुणी विचारत नाही.

मी मुक्ताबरोबर स्पर्धांना जात असे, कारण सुधाकरला रजा मिळत नसे आणि भावजयीला चारचौघांत इंग्रजी बोलायची भीती. तिथं मी ग्रँडमास्टर जवळून पाहिले. फ्लेक्सवर लावण्यासारखा त्यांच्यात एकही नव्हता. सुरकुतलेले टी-शर्ट, झोप न झालेले डोळे, नाश्त्याला ताटात उकडलेली अंडी आणि नजर भिंतीवर. एक म्हातारा परदेशी ग्रँडमास्टर होता. पिशवी फाटलेली, खिडकीच्या गजावर मोजे वाळत घातलेले. आयुष्यभर या गावाहून त्या गावाला खेळत हिंडणारा माणूस. त्याला मुक्तानं हरवलं. तो उठला, तिच्याशी हात मिळवला आणि बाहेरच्या टेबलावर पट मांडून बसला. तिनं कुठं चूक केली होती आणि त्याला ती कशी दिसली नाही, हे तो तासभर तिला दाखवत होता. हरलेला म्हातारा जिंकलेल्या पोरीला तिच्या चुका सांगतोय आणि ती मान डोलावतेय. माणसानं कमावलेलं असतं म्हणजे काय, ते मी त्या टेबलाशी पाहिलं. परतीच्या प्रवासात मुक्ता म्हणाली, "आत्या, मला असलं म्हातारं व्हायचंय." मी म्हटलं, मोजे मात्र खोलीत वाळव.

तिचा दुसरा नॉर्म आला तो बारावीची परीक्षा संपल्या संपल्या. आणि लातूर पेटलं. स्टँडपासून गंजगोलाईपर्यंत फ्लेक्स: 'लातूरची सुकन्या ग्रँडमास्टर!' मी फोन करून सुधाकरला म्हटलं, अरे, अजून एक नॉर्म बाकी आहे, ही झालेली नाही ग्रँडमास्टर, उतरवा ते. त्यानं कॉलेजच्या क्रीडाशिक्षकाला सांगितलं. क्रीडाशिक्षकानं भाऊसाहेबांना. भाऊसाहेबांनी हिशेब केला. तीनपैकी दोन म्हणजे सहासष्ट टक्के. सहासष्ट टक्के म्हणजे फर्स्ट क्लास. "आरं मग पासच की ती! फ्लेक्स ऱ्हाऊ द्या." टक्केवारीवर पोसलेल्या गावात या उत्तराला तोड नव्हती. लोकांनी मान्य केलं. रेणापूरकडचे आमचे भाऊबंद ट्रॅक्टर भरून अभिनंदनाला आले, पेढे खाऊन गेले आणि जाताना विचारून गेले, की आता सरकारी नोकरी कोणती लागणार.

मग सत्कार. आमच्याकडं माणसानं काही केलं की त्याला शिक्षा म्हणून शाल घालतात. बेचाळीस-त्रेचाळीसच्या उन्हात शाल! वर फेटा, हातात नारळ, आणि पत्र्याच्या छताचं सभागृह. एवढ्यावर भागलं असतं. पण भाऊसाहेबांना कुणीतरी सांगितलं, की मोठमोठ्या स्पर्धांत उद्घाटनाला पाहुणे पटावर पहिली चाल करतात. भाऊसाहेब म्हणाले, "येकच चाल कामून? पुरा डाव खेळू की. आमीबी लहानपनी लई खेळलोय."

आदल्या दिवशी मी लातुरातच होते. स्वयंपाकघरात मुक्ता खाली बसून शेंगा सोलत होती. सुधाकर दारात आला आणि पंख्याकडं बघत बोलला.

"मुक्ते, उद्या भाऊसाहेबांसंगं खेळताना जरा सांभाळून घे."

"सांभाळून म्हंजे?"

"मोठी मानसं हायत. चारशे लोकांसमोर खेळनार हायत. बरं दिसत न्हाई."

"बरोबरी करू का?"

"बरोबरी त्यांना कळत न्हाई, बाळा."

मुक्ताच्या हातातली शेंग तशीच राहिली. "पप्पा, तुमी म्हनता म्हनून आजवर मी येकबी डाव सोडला न्हाई. ताप होता तवाबी तुमी म्हनलात, हर, पर खेळून हर."

"ते येगळं होतं."

"कसं येगळं?"

तो म्हणाला, "मान्यतेचं यंदा होईल म्हनतेत." आणि चप्पल घालून बाहेर निघून गेला. मी बोलायचं ते त्याच्या पाठीला बोलले. माझ्या बोलण्याचा त्याच्यावर काही परिणाम होत असता तर तो केव्हाच माणूस झाला असता.

दुसऱ्या दिवशीचं सभागृह मला अजून नाकात आठवतं. मोगऱ्याचे गजरे, घाम, नव्या शालींचा कारखान्याचा वास, मागं चहाच्या किटल्या. सूत्रसंचालकानं दोन शेर फेकले, जे लग्नातही फेकतो आणि श्रद्धांजलीलाही. स्टेजवर पट. भाऊसाहेबांना पांढरी मोहरी, कारण पांढरं त्यांना शोभतं. कानाशी कुजबुजायला क्रीडाशिक्षक. समोर मुक्ता, फेटा कपाळावर घसरलेला, वय सतरा. जगातल्या नामांकित डोक्यांशी झुंज घेऊन आलेली पोर, आणि समोर उंट व घोडा यांच्यातला फरक विचारून घेणारा माणूस.

गंमत अशी, की हरायचं म्हटलं तरी समोरच्याला थोडं तरी यावं लागतं. मुक्तानं हत्ती फुकट ठेवला. भाऊसाहेबांना तो दिसलाच नाही. त्यांनी कडेचं प्यादं ढकललं. तिनं उंट ठेवला. त्यांनी पुन्हा प्यादं ढकललं आणि टाळ्या घेतल्या. त्यांना जिंकू द्यायला ती दारं उघडून बसली होती आणि ते भिंतीवर डोकं आपटत होते. माझ्या शेजारची बाई म्हणाली, "भाऊसाहेब लई खोल इचार करून राहिलेत." मी तिच्याकडं बघितलं आणि दुसरीकडं तोंड केलं.

मग मुक्ताचा चेहरा बदलला. तो चेहरा मला माहीत होता, स्पर्धेत शेवटच्या तासाला यायचा तो. तिनं आपला राजा कोपऱ्यात नेला. पुढं स्वतःचीच प्यादी. आणि मग दुसरा हत्ती उचलून राजाच्या बगलेत आणून ठेवला. अगदी खुळी चाल. स्वतःच्या राजाला स्वतःच्याच घरात कोंडून टाकणारी. सभागृहात कुणाला काही कळलं नाही. कळण्याचा प्रश्न नव्हता.

आणि माझ्यापुढच्या रांगेत, खुर्चीच्या लोखंडी दांड्यावर आवाज झाला. टक्.

मी सुधाकरच्या मानेकडं बघितलं. मान ताठ होती, घामानं कॉलर भिजलेली. मग मी पटाकडं पुन्हा बघितलं आणि मलाही थोडं थोडं दिसायला लागलं. पोर हरत नव्हती. ती भाऊसाहेबांना जिंकायला लावत होती. आता ती एकामागून एक शह देत होती, आणि प्रत्येक शहाला भाऊसाहेबांपुढं एकच चाल शिल्लक ठेवत होती. दुसरी चाल नियमातच बसत नव्हती. ते चुकीचं मोहरं उचलायचे, क्रीडाशिक्षक कानात म्हणायचा, "तसं न्हाई चालत, साहेब, घोडा मधी घाला." ते घोडा मध्ये घालायचे. टाळ्या. असं करत करत तिनं त्या माणसाला, बैलाला दावणीकडं न्यावं तसं, स्वतःच्या राजापर्यंत आणलं. मी पुष्कळ स्पर्धा पाहिल्या आहेत. जिंकण्यासाठी एवढं डोकं कुणी चालवलेलं मी पाहिलं नाही.

शेवटी तिनं वजीर उचलला. उचलला आणि ठेवला नाही. हातात धरून तिनं मान वर केली आणि आमच्या बाजूला बघत राहिली. बराच वेळ. मला वाटलं, माझ्याकडं बघते आहे. मी मान हलवली, की बाळ, संपव आता हा तमाशा. वरचे पंखे घरघरत होते. सूत्रसंचालकाला शांतता सहन होत नाही, तो म्हणाला, "ग्रँडमास्टर विचारात पडल्या आहेत!" लोक हसले. सुधाकरही हसला असावा, त्याचे खांदे हलले.

तिनं वजीर भाऊसाहेबांच्या राजाला शह देत, त्यांच्या घोड्याच्या तोंडात ठेवला. घोड्यानं तो खाल्ल्यावाचून गत्यंतर नव्हतं. क्रीडाशिक्षकानं सांगितलं, भाऊसाहेबांनी खाल्ला, आणि घोडा ज्या घरात जाऊन बसला तिथून मुक्ताच्या कोंडलेल्या राजाला शह होता. हलायला जागा नव्हती. मात झाली आहे हे भाऊसाहेबांना मुक्तानं सांगितलं. "सर, तुमी जिंकलात." बाहेर फटाके लागले. भाऊसाहेबांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि माईकवर म्हणाले, "हरली तरी रडायचं न्हाई बेटा. मेहनत करायची." चारशे लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझा भाऊ उभा राहून टाळ्या वाजवत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळीच मुक्ता माझ्याबरोबर नांदेडच्या एसटीत बसली. अहमदपूर गेलं, लोहा गेलं, दोन्ही बाजूंना कापणी झालेल्या ज्वारीची रिकामी रानं, कडब्याच्या गंजी, रस्त्याकडेला टरबुजांचे ढीग. ती खिडकीला डोकं टेकून बसली होती. नीटचं हॉलतिकीट तिनं घरी देवापुढं ठेवून दिलं होतं, प्रसादासारखं. मी काही विचारलं नाही. विचारलं असतं तर मी रडले असते, आणि एसटीत रडणाऱ्या बायकांचा मला तिटकारा आहे. फ्लेक्स त्या आठवड्यात बदलले. 'ग्रँडमास्टरला मात!' त्यात मुक्ताचा फोटो कोपऱ्यात, शाळेच्या ओळखपत्रावरचा.

ती माझ्याकडंच राहिली. तिसरा नॉर्म लवकर आला; रेटिंगनं मात्र रडवलं. अडीच हजारांच्या उंबऱ्याशी जाऊन मागं यायची, पुन्हा जायची. ग्रँडमास्टराची कारकीर्द म्हणतात ती ही. विमानतळावरच्या बाकावरची झोप, जिंकत आलेला डाव थकव्यानं हातचा गेलेला, आणि घरी आल्यावर शेजारणीचं विचारणं, "अजून खेळतीच का ही?" गोदावरीला दोन पूर येऊन गेले, घाटावरच्या पायऱ्या दोनदा गाळात गेल्या आणि दोनदा धुतल्या. यंदा, आंब्याला मोहर असताना, किताब आला. आम्ही दोघींनी वरण-भात आणि साजूक तूप खाल्लं. फटाके नाहीत, शाल नाही. बापाला तिनं स्वतः कळवलं, तीन शब्दांत. ती त्याच्याशी बोलत नाही असं नाही. जेवलात का, पाणी आलं का, गुडघा कसा आहे, एवढं रोज विचारते. खेळाबद्दल एक अक्षर नाही. आणि त्याच्याशी पटाला बसलेली नाही.

म्हणून परवा त्यानं मला बोलावून घेतलं. भाऊसाहेबांना आता खरा सत्कार करायचा आहे. उघड्या जीपमधून मिरवणूक, आणि शिबिराचं उद्घाटन तिच्या हस्ते. मान्यता? ती त्या वर्षी आलीच नाही. पुढच्या वर्षी आली, तीही सरकारनं सगळ्यांना सरसकट दिली तेव्हा. त्यात भाऊसाहेबांचा संबंध नव्हता. तरी माझा भाऊ त्यांना पेढे देऊन आला. काही माणसांचा कणा काढून घेतला तर त्यांना समजायलाही दोन दिवस लागतील.

"अक्का, तू सांग तिला. तुझं ऐकती ती."

"मी सांगणार नाही."

त्यानं चहाचा कप माझ्याकडं सरकवला. त्याचे केस पार पांढरे झालेत. अंगठी आता बोटात सैल झाली आहे, तिला दोरा गुंडाळलाय. मग म्हणाला, "मग येवढंच सांग. त्या दिवशी मला समदं कळून राहिलं होतं. तिनं काय केलं ते. त्या हॉलमधी फक्त मलाच कळलं, अक्का."

"मला माहीत आहे. मी टक् ऐकलं होतं."

त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी उजळलं, मी त्याचं कौतुक केल्यासारखं. मला त्याचा इतका राग आला की मी चहा तसाच ठेवून उठले. त्याला कळलं नसतं तर मी त्याला केव्हाच माफ करून टाकलं असतं. भाऊसाहेबांना कळलं नाही, त्या चारशे मूर्खांना कळलं नाही, त्यांचा मला फक्त वीट आहे. पण कळून टाळ्या वाजवणाऱ्याला काय म्हणायचं, त्याला आमच्या भाषेत शब्द असतील, माझ्या तोंडात बसणारा एकही नाही. माझा सख्खा भाऊ आहे, लहानपणी मी त्याला कडेवर घेतलेलं आहे, आणि मला त्याची लाज वाटते.

नांदेडला पोचले तेव्हा दुपार होती. कूलर सुरू, खिडकीला ओला पडदा. मुक्ता जमिनीवर पट मांडून बसली होती, बाजूला कलिंगडाच्या फोडी. मी पदरानं घाम पुसला आणि निरोप दिला. मिरवणुकीचं ऐकून ती नुसती हसली. "सांग, येत न्हाई." मग दुसरं सांगितलं. की तो म्हणतो, मला त्या दिवशी सगळं कळत होतं.

"ठाऊक हाय की. टक् वाजलं न्हवतं का."

"तुला ऐकू आलं होतं?"

"त्या हॉलमधी मला तेवढंच ऐकू आलं, आत्या."

ती एक फोड खात राहिली. मी शेवटी विचारलंच, जे एसटीत विचारलं नव्हतं. "हरायचंच होतं, तर इतकी तकलीफ घेऊन कामून हरलीस? सरळ डाव सोडून द्यायचा. भाऊसाहेबाला काय कळणार होतं?"

"भाऊसाहेबासाठी कोन खेळून राहिलं होतं?" तिनं हात पुसले आणि पटावरची मोहरी भराभर हलवायला लागली. तो डाव तिला अजून जसाच्या तसा पाठ होता. कोपऱ्यातला राजा, पुढं प्यादी, बगलेला हत्ती. "पप्पाला दिसावं म्हनून खेळले. त्यांच्यासाठी मी काय करून राहिले ते. टक् वाजलं, म्हनलं, दिसलं त्यांना. आता उठतेत. उठून म्हनतेत, बास कर मुक्ते, नीट खेळ. म्हनून तर वजीर हातात धरून बसले."

म्हणजे ती माझ्याकडं बघत नव्हती.

"आणि तो उठला असता तर? वजिराला तर तू हात लावला होतास. चालावंच लागलं असतं."

"चालले असते की." तिनं पटावरून वजीर उचलला, जरा वेळ धरला आणि घोड्याच्या तोंडात न ठेवता शेजारच्या घरात ठेवला.

मी खाली वाकून बघितलं. भाऊसाहेबांच्या राजाला शह होता, आणि हलायला कुठंच जागा नव्हती.